विंचवाचा उतारा आणि विज्ञान

(द्वितीय वर्ष, कला)

'विज्ञान : शाप की वरदान?' हा निबंध आपल्यापैकी प्रत्येकाने शाळेत निदान एकदा तरी लिहिलेला आहे. पहिल्या परिच्छेदात वीज, आगगाडी आणि दूरदर्शन, दुसऱ्यात हिरोशिमा, आणि शेवटी विज्ञान हे दुधारी शस्त्र असल्याचा निर्वाळा. एवढे लिहिले की दहापैकी सात गुण ठरलेले. मीही ते मिळविले आहेत. परंतु कॉलेजात आल्यावर, विशेषतः तर्कशास्त्राच्या तासाला बसू लागल्यावर, मला त्या निबंधाचे एक वैगुण्य जाणवू लागले. त्या निबंधातले विज्ञान नेहमी दूर कोठेतरी असते. ते अमेरिकेत असते, अणुभट्टीत असते, चंद्रावर असते. ते कधी आमच्या वाडीत येत नाही. आणि आधुनिक समाजातील विज्ञानाचे स्थान पाहावयाचे, तर ते जेथे अजून नीटसे पोहोचलेले नाही, तेथेच उभे राहून पाहिले पाहिजे, असे मला वाटते. म्हणून या लेखापुरता मी अणुबाँब बाजूला ठेवते आणि विंचवाकडे वळते.

आमचे गाव सह्याद्रीच्या घाटाखाली आहे. पावसाळ्यापूर्वी पेंढा हलविताना, गोवऱ्या काढताना, जुन्या भिंतीचा दगड उचलताना विंचू निघाला नाही असे वर्ष जात नाही. आमच्याकडे विंचू दोन प्रकारचे. एक मोठा काळा, दिसायला भयंकर. दुसरा लहानसा तांबूस, ज्याला पाहून कोणी फारसे घाबरणारही नाही. वस्तुतः जीव घेणारा तो हा दुसरा. काळ्याच्या नांगीने माणूस रात्रभर विव्हळतो, पण सकाळी चहा पितो. तांबड्याच्या दंशाने धडधाकट पोर एका रात्रीत जाते.

आता विंचू चावला की गावात काय होते? विंचू उतरविणाऱ्या माणसाला बोलावणे जाते. तो येतो, दंडापासून बोटापर्यंत हात फिरवीत काही पुटपुटतो, कोणी आघाड्याची मुळी उगाळून लावतो, आणि वेदना खांद्यावरून कोपरावर, कोपरावरून मनगटावर 'उतरत' येते. हे मी डोळ्यांनी पाहिलेले आहे. ज्याला चावला तो स्वतः सांगतो की, हो, उतरला. अशा वेळी शहरातून आलेला एखादा शिकलेला मनुष्य 'हे सारे थोतांड आहे' एवढेच म्हणून निघून जातो आणि गावकरी त्याला मनातल्या मनात हसतात. मला वाटते, हसण्यात त्यांची चूक नाही. समोर दिसणाऱ्या गोष्टीचा खुलासा न करता ती नाकारणे, हे काही विज्ञान नव्हे.

मग खुलासा काय? येथे तर्कशास्त्राचा तास उपयोगी पडतो. समजा, वर्षभरात शंभर माणसे विंचू उतरवून घ्यावयास आली. त्यांपैकी बऱ्याच जणांना काळ्या विंचवाने मारलेले असणार. तांबड्याने मारलेल्यांपैकीही सर्वांच्या अंगात सारखे विष जात नाही. म्हणजे शंभरांतले बहुतेक सारे, मंत्र म्हटला काय आणि न म्हटला काय, बरे व्हावयाचेच होते. वेदना काही तासांनी आपोआप ओसरते. मांत्रिकाचा हातही तितकाच वेळ खाली सरकत असतो. बरे झालेले लोक गावभर सांगत सुटतात. आणि जे गेले ते सांगावयास येत नाहीत. त्यांच्याविषयी 'आयुष्यच तेवढे होते' किंवा 'विंचू देवीचा होता' असे म्हटले की हिशेब पुरा होतो. अशा रीतीने मंत्राच्या वहीत सगळी जमाच जमा राहते, खर्चाचे पान कोरेच. सापाच्या बाबतीतही हेच. धामण, दिवड, कवड्या, असे आपल्याकडचे बहुतेक साप बिनविषारी. विषारी साप चावला तरी तो दर वेळी विष सोडतोच असे नाही. तेव्हा सापावरचा मंत्र बहुतेक वेळा 'लागू' पडणार, यात नवल ते काय?

विज्ञानाची पहिली भूमिका मला येथे दिसते. यंत्र, औषध, उपग्रह या सर्वांच्या आधी विज्ञान म्हणजे खर्चाचे पान लिहिण्याची सवय. जे बरे झाले त्यांच्याइतकेच जे मेले त्यांच्याकडे पाहणे, आणि ते कसे मेले हे टिपून ठेवणे.

हे नुसते तत्त्वज्ञान नाही. असे टिपून ठेवणारा एक माणूस आमच्याच भागात होऊन गेला, नव्हे, त्याचे काम आजही सर्वांना ठाऊक आहे. डॉ. हिंमतराव बावस्कर हे मूळचे जालना जिल्ह्यातले, गरीब शेतकरी कुटुंबातले. नागपूरला डॉक्टर होऊन ते १९७६ साली महाडजवळच्या बिरवाडी प्राथमिक आरोग्य केंद्रात आले. तांबड्या विंचवाने मारलेली माणसे, विशेषतः मुले, त्यांच्या डोळ्यांदेखत जात होती. उलट्या, अंगाला पाण्यासारखा घाम, हातपाय थंडगार, मग धाप आणि तोंडातून गुलाबी फेस. पुस्तकांत यावर खात्रीचा इलाज नव्हता. त्या काळी गंभीर लक्षणांच्या रोग्यांपैकी शंभरातले तीस-चाळीस दगावत असत. बावस्करांनी प्रत्येक रोग्याच्या उशाशी बसून काय, कोणत्या क्रमाने घडते याची टिपणे केली. दंशानंतर कोणत्या खुणांवरून पुढचा धोका ओळखावा, हे त्यांचे निरीक्षण १९८२ साली 'लॅन्सेट' या लंडनच्या जगप्रसिद्ध वैद्यकीय नियतकालिकात छापून आले. लंडनच्या त्या नियतकालिकात ही बातमी गेली ती कोणत्या मोठ्या प्रयोगशाळेतून नव्हे, एका खेड्यातल्या दवाखान्यातून!

त्या टिपणांतून कळले ते थोडक्यात असे. तांबड्या विंचवाचे विष मज्जातंतूंना चेतविते. घाबरल्यावर किंवा धावल्यावर शरीरात जी द्रव्ये थोडीशी सुटतात, त्यांचा या विषामुळे अक्षरशः पूर येतो. रक्तवाहिन्या आवळल्या जातात, रक्तदाब भडकतो, हृदयाला तो भार पेलवत नाही आणि अखेर फुप्फुसात पाणी होते. माणूस विंचवाने मरतो म्हणजे एका अर्थी स्वतःच्याच शरीराच्या वादळात बुडून मरतो. एकदा हे उमगले की उपाय कोठे शोधावयाचा ते कळते: आवळलेल्या रक्तवाहिन्या सैल करणारे औषध हवे. असे औषध रक्तदाबासाठी आधीपासून बाजारात होते. त्याचे नाव प्राझोसिन. पोटात घ्यावयाची गोळी, किंमत थोडी, सुई नको की यंत्र नको. डॉ. बावस्कर आणि त्यांच्या पत्नी डॉ. प्रमोदिनी बावस्कर यांचा या उपचारावरील लेख १९८६ साली त्याच 'लॅन्सेट'मध्ये आला. पुढे विंचवाचे प्रतिविषही तयार झाले, आणि गोळीच्या जोडीला ते दिल्यास रोगी अधिक लवकर सावरतो, हे त्यांनीच २०११ साली दाखवून दिले. मृत्यूचे प्रमाण शंभरात एक-दोनवर आले. २०२२ साली बावस्करांना पद्मश्री मिळाली. आमच्या घरात कॉलेजात जाणारी मी पहिलीच, म्हणून त्यांच्या मोठेपणापेक्षा त्यांच्या सुरुवातीचे मला अधिक अप्रूप वाटते, हे येथे कबूल केले पाहिजे.

या संशोधनातली एक गोष्ट मला फार विचार करावयास लावते. डॉक्टरांचा अनुभव असा की, ज्याला दंशाच्या जागी नुसत्याच असह्य वेदना होतात त्याला बहुधा धोका कमी. ज्याला दरदरून घाम सुटतो, उलट्या होतात, हातपाय गार पडतात, त्याला धोका अधिक, मग ठणका कमी का असेना. म्हणजे मंत्राचा सारा जोर ज्या वेदनेवर, ती वेदना मुळी खरी खूणच नव्हे. वेदना कमी झाली म्हणून 'उतरला' असे म्हणून जो घरी निजविला जातो, कदाचित त्यालाच दवाखान्याची गरज असते. डोळ्यांना जे ठळक दिसते ते महत्त्वाचे नसून दुसरेच काही महत्त्वाचे असते, हे ओळखण्यासाठीच विज्ञान लागते. एरवी आपले डोळे पुरेसे होते.

सापाची कथा याहून जुनी. फ्रेंच शास्त्रज्ञ आल्बेर काल्मेत हा पाश्चरच्या परंपरेतला. व्हिएतनाममधील सायगाव येथे काम करीत असता त्याने नागाच्या विषाचा अभ्यास आरंभिला आणि १८९०च्या दशकात पहिले प्रतिविष तयार केले. तत्त्व आजही तेच आहे. घोड्याला सापाचे विष अगदी अल्प प्रमाणात टोचावयाचे, हळूहळू प्रमाण वाढवावयाचे. घोड्याचे शरीर त्या विषाविरुद्ध द्रव्ये तयार करते. मग त्याच्या रक्तातून ती वेगळी काढून, शुद्ध करून, कुपीत भरावयाची. आपल्याकडे मुंबईच्या परळमधील हाफकिन संस्थेचे नाव या कामाशी जोडले गेले आहे. भारतातले प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चारही सापांवर एकत्र चालते. त्यामुळे साप ओळखता आला नाही तरी उपचार अडत नाही. (आणि म्हणूनच चावलेला साप मारून दवाखान्यात नेण्याचा जो खटाटोप लोक करतात, तो व्यर्थ. त्यात वेळ जातो आणि कधीकधी दुसराही चावून घेतो.) कुपीतली ती पूड साध्या हवेतही टिकते. मोठ्या माणसास जेवढी मात्रा तेवढीच लहान मुलासही देतात, हे वाचून मला प्रथम आश्चर्य वाटले. पण त्यात कोडे नाही. मूल लहान म्हणून साप काही विष मोजून कमी सोडीत नाही.

या घोड्यांना टोचण्यासाठी विष येते कोठून, हेही पाहण्यासारखे आहे. तमिळनाडूत इरुळा ही साप पकडण्यात पिढ्यान्‌पिढ्या तरबेज असलेली आदिवासी जमात आहे. पूर्वी ते कातड्यांसाठी साप धरीत. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानंतर तो धंदा बंद पडला. १९७८ साली त्यांची सहकारी संस्था स्थापन झाली. आता ते साप पकडतात, विष काढून घेतात आणि साप पुन्हा सोडून देतात. देशातल्या प्रतिविषाचा फार मोठा आधार म्हणजे हे विष. ज्यांना आपण अडाणी म्हणतो त्यांची विद्या अशी प्रयोगशाळेच्या पायाशी आहे. मात्र याला एक दुसरी बाजूही आहे. एकाच जातीच्या सापाचे विष निरनिराळ्या प्रदेशांत थोडेथोडे निराळे असते, आणि दक्षिणेच्या सापांपासून केलेले प्रतिविष सर्वत्र सारखेच गुणकारी ठरत नाही. शिवाय सह्याद्रीतल्या हिरव्या चापड्यासारख्या सापांवर ते चालतच नाही. शास्त्रज्ञ हे स्वतःच लिहितात. आमच्या गावच्या मांत्रिकाने आपला मंत्र अमुक सापावर चालत नाही असे कधी सांगितल्याचे मला आठवत नाही!

आता एवढे सारे असताना माणसे मरतात का? आणि थोडीथोडकी नव्हेत. २००० ते २०१९ या वीस वर्षांत भारतात सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसे मेली, म्हणजे वर्षाला सरासरी ५८ हजार, असा संशोधकांचा अंदाज आहे. बहुतेक खेड्यांतली, निम्मे मृत्यू जून ते सप्टेंबर या पेरणी-लावणीच्या दिवसांतले. त्याआधीच्या एका पाहणीत असे आढळले होते की, चारांपैकी तीन मृत्यू दवाखान्याच्या बाहेर झालेले असतात, घरी वा वाटेत. जागतिक आरोग्य संघटनेने २०१७ साली सर्पदंशाला दुर्लक्षित आजारांच्या यादीत घातले. यादीचे नावच पुरेसे बोलके आहे. घोड्याच्या रक्तातून औषध काढावयाची युक्ती सव्वाशे वर्षांपूर्वी सापडली, आणि औषध वाडीपर्यंत नेण्याची युक्ती अजून पुरती सापडलेली नाही.

माझी थोरली काकू अशीच गेली. मी तेव्हा पाचवीत होते. श्रावणातली रात्र, सगळ्या बायका ओटीवर जमिनीवर निजलेल्या. पहाटे तिच्या पोटात दुखू लागले. अपचन म्हणून ओवा दिला. थोड्या वेळाने तिच्या पापण्या मिटू लागल्या, बोलणे जड झाले. कोणी म्हणाले बाहेरची बाधा, म्हणून भगताकडे नेले. दुपारी दवाखान्यात पोहोचलो तेव्हा तेथे डॉक्टर नव्हते, मोठ्या इस्पितळात न्या असे सांगण्यात आले, आणि ती वाटेतच गेली. त्या दवाखान्याचे नाव मी घेत नाही. ते घेऊन आता काही होणे नाही. पुढे वाचनात आले तेव्हा समजले की ही सारी लक्षणे मण्यारीची. मण्यार रात्री उबेला अंथरुणात येते, तिचे दात इतके बारीक की दंशाची खूणही धड दिसत नाही, फारसे दुखतही नाही. पहाटे पोटात कळ, मग पापण्या जड, मग श्वास बंद. वेळेवर प्रतिविष मिळाले आणि कृत्रिम श्वास चालू ठेवता आला, तर असा रोगी वाचतो.

यात दोष कोणाचा? 'अंधश्रद्धेचा' असे उत्तर निबंधात शोभते. भगताकडे नेले नसते तर दोन तास वाचले असते, हे खरेच आहे. महाराष्ट्रात २०१३ साली जादूटोणाविरोधी कायदा झाला, त्यात साप, विंचू किंवा कुत्रा चावल्यावर माणसाला औषधोपचारापासून रोखून मंत्रतंत्र, गंडेदोरे करणे हा गुन्हाच ठरविला आहे. या कायद्यासाठी ज्यांनी वर्षानुवर्षे झगडा केला त्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा त्याच वर्षी २० ऑगस्टला पुण्यात खून झाला. कायद्याचे महत्त्व मी मुळीच कमी लेखीत नाही. पण भगत आणि दवाखाना यांची तुलना वाडीतून करून पाहा. भगत रात्री दोनला हाक मारली तरी उठतो. तो रोग्याच्या बाजूला बसतो, नावाने हाक मारतो, पैसे मागत नाही. दवाखाना कित्येक मैल दूर, रस्ता पावसात वाहून गेलेला, पोहोचल्यावर औषध असेल की नाही याचा भरवसा नाही. २०१४ पासून १०८ क्रमांकाची रुग्णवाहिका सुरू झाली, तिचा आमच्या भागाला निश्चित उपयोग झाला. तरी ती डांबरी रस्त्यापर्यंत येते आणि तेथपर्यंत रोग्याला झोळीतून न्यावे लागते. लोक मंत्रावर विश्वास ठेवतात त्याआधी ते माणसावर विश्वास ठेवतात. विज्ञानाच्या बाजूनेही असा माणूस उभा असावा लागतो.

आमच्या वाडीत विंचू उतरविणारे एक आजोबा आहेत. या दिवाळीच्या सुट्टीत मी त्यांच्याकडे मुद्दाम गेले आणि हा विषय काढला. मला वाटले, ते रागावतील. ते म्हणाले, "अगं पोरी, मला काय कळत नाही होय? मंत्र मी अजून म्हणतो, पण आता घरी नाही म्हणत. रिक्षात बसून म्हणतो. दवाखाना येईस्तोवर माणूस धीर धरून राहतो." गेल्या काही वर्षांत त्यांनी कितीतरी जणांना स्वतः दवाखान्यात पोहोचविले आहे, असे वाडीतले लोक सांगतात. तर्कशास्त्राच्या दृष्टीने याला काय म्हणावे ते आमच्या सरांना विचारावे लागेल. मला मात्र वाटते, आरोग्य खात्याने अशा माणसांना हाताशी धरले, कोणती लक्षणे धोक्याची ते त्यांना शिकविले, तर भिंतीवरच्या भित्तिपत्रकांपेक्षा अधिक काम होईल.

तसेच दवाखान्यातली एक परीक्षा सर्वांना पाहू द्यावी. घोणस किंवा फुरसे चावले तर रक्त गोठत नाही. ते ओळखण्यासाठी रोग्याचे थोडे रक्त स्वच्छ, कोरड्या काचेच्या नळीत घेऊन वीस मिनिटे न हलविता ठेवतात, मग नळी कलती करून पाहतात. रक्त गोठले तर ठीक, वाहिले तर प्रतिविष सुरू. एक नळी आणि एक घड्याळ! आमची आजी निरक्षर आहे, पण ही परीक्षा तिला सांगताच कळली. विरजण लागले की नाही ते ती रोज भांडे कलते करूनच पाहते.

आमच्या राज्यघटनेत १९७६ साली नागरिकांची जी मूलभूत कर्तव्ये घातली गेली, त्यांत वैज्ञानिक दृष्टिकोन बाळगण्याचेही एक कर्तव्य आहे. नागरिकशास्त्राच्या पुस्तकात ते आपण पाठ केले. पण कर्तव्य पाळावयास साधनेही लागतात. मण्यारीपासून बचावाचे उपाय अगदी साधे आहेत: जमिनीवर निजू नये, खाटेवर निजावे, मच्छरदाणी अंथरुणाखाली चोहीकडून नीट खोचावी, रात्री बाहेर जाताना विजेरी घ्यावी. आमच्या घरात खाट एकच आहे आणि ती पहिल्यापासून आजोबांची. बायका आणि मुले जमिनीवर. विजेरी पुरुष शेताच्या राखणीला जाताना घेऊन जातात. म्हणजे उपाय ठाऊक झाले तरी ते घरातल्या घरात कोणाच्या वाट्याला यावयाचे, हे कोणतीही प्रयोगशाळा ठरवीत नाही. यंदा शिष्यवृत्तीच्या पैशांतून मी एक मोठी मच्छरदाणी घेतली. ती कोणाच्या अंथरुणावर बांधावयाची, यावरून दोन दिवस घरात वाद चालला. अखेर आजीने ती ओटीवर, बायकांच्या बाजूला बांधून घेतली, आणि आजोबा अजून थोडे रुसलेले आहेत.